आठवं वाक्य

माझ्या निरोपसमारंभात साहेबांनी एक वाक्य वाचून दाखवलं होतं. 'यांच्या तेहतीस वर्षांच्या सेवेत यांच्या बांधाला एकदाही खांड पडली नाही.' टाळ्या झाल्या, शाल मिळाली, नारळ मिळाला. खांड म्हणजे बांध फुटून पडलेलं भगदाड, आणि आमच्या कामात माणसाची लायकी त्यावरूनच ठरते. ते वाक्य खरं आहे. मला त्याचा आजही अभिमान वाटतो, आणि आज मी लिहायला बसलो आहे तोही त्याच वाक्यामुळे.

खाडीच्या कडेने आता फिरायला फरसबंद रस्ता होतोय. त्याच्या तोंडाशी, या खाडीवर ज्यांनी ज्यांनी सांगणी केली त्या सगळ्यांच्या नावांची दगडी पाटी लागणार आहे. यादी तयार झाली. माझं नाव वरून चौथं. समोरच्या काठावर चौदा वर्षं माझ्याबरोबर उभ्या राहिलेल्या इब्राहीमचं नाव यादीत नाही. त्याच्या फायलीत 'सांगणीत कसूर' असा शेरा आहे. तो शेरा खोटा आहे. तो खोटा आहे हे डोळ्यांनी पाहिलेला आता मी एकटाच उरलो आहे.

पण आधी काम काय होतं ते सांगतो. घाटावरच्या वाचकांना ते माहीत असायचं कारण नाही.

मी बांधसांग्या होतो. पनवेलच्या खाडीकाठची शेतं भरतीच्या पाण्यापेक्षा खाली आहेत. आमच्या आज्यापणज्यांनी मातीचे बांध घालून समुद्राकडून ती मागून घेतली. लोकांना वाटतं बांधामुळे समुद्र थांबतो. छातीएवढा चिखलाचा ढीग समुद्राला काय थांबवणार? समुद्र थांबतो तो सांगण्यामुळे. जे जातं आणि परत येतं, त्याला सांगितलेलं ऐकू येतं. पाणी दिवसातून दोनदा जातं आणि दोनदा येतं, म्हणून त्याचे कान सगळ्यांत तिखट. बांधावर उभं राहून त्याला नीट सांगावं लागतं. रोज सकाळी ओहोटीला एकदा, आणि उधाणाच्या दिवसांत भर दुपारी, पाणी अगदी वर आलेलं असताना, पुन्हा एकदा.

सांगायची वाक्यं सात. आमच्या वेळी ती अशी होती:

हा बांध आहे. हा माणसांनी घातला आहे. अलीकडे आमचं, पलीकडे तुझं. आत भात आहे. आत माणसं आहेत. तुला फिरायला खाडी आहे. ये आणि जा.

बस, एवढंच. बाहेरच्यांना हे ऐकून हसू येतं. त्यांना वाटतं काही गूढ मंत्र असेल, निदान संस्कृत तरी असेल. नवीन भरती झालेली पोरं पहिल्या दिवशी हात जोडून 'हे सागरा' करायला लागायची. एकाने तर बारा ओळींची कविता करून आणली होती. पाण्याने ती ऐकून घेतली आणि त्याच्या चपला घेऊन गेलं. समुद्राला स्तुती नको, विनवणी नको, दम तर अजिबात नको. शेजाऱ्याशी बोलतो तसं, आवाज न चढवता, खरं तेच सांगायचं.

आणि त्याच्याही आधी मातीचं काम. खेकडे बांध पोखरतात. ती बिळं चिखल आणि गवत दाबून हाताने बुजवायची, उघाडीची दारं, म्हणजे आतलं पाणी बाहेर सोडायची लाकडी दारं, साफ ठेवायची. पोखरलेल्या बांधावर उभं राहून 'हा बांध आहे' म्हटलं तर पाणी खात्री करून घ्यायला येतं. माझ्या बोटांच्या पेरांत अजून तो चिखल आहे, असं माझी बायको म्हणते. ती आणखीही म्हणते की समुद्र ह्यांचं ऐकतो, पण आमचा कुकरसुद्धा ऐकत नाही.

दोन नियम मात्र पहिल्याच दिवशी शिकवले जायचे. पहिला, बांधावर खोटं बोलायचं नाही. कारण बांधावर बोललेलं पाणी खरं करून दाखवतं. दुसरा, स्वतःच्या गावच्या बांधावर नेमणूक घ्यायची नाही. हे दोन्ही नियम मी मोडले. ते पुढे येईलच.

आधी थोडं गमतीचं सांगतो, नाहीतर संपादक म्हणतील, ह्यांना अनुभव लिहायला सांगितलं आणि ह्यांनी कबुलीजबाब पाठवला.

करंज्याहून एक बाई माझ्याकडे यायची. सुकी मासळी विकणारी, आवाज असा की ऑफिसातल्या फायली हलाव्यात. तिचा नवरा घर सोडून निघून गेला होता. माझ्यासमोर बोंबलांचं गाठोडं ठेवून ती म्हणाली, "तुमचं दर्या आयकतो ना? मग त्येला सांगा, माजा घो पाठव म्हनून." मी तिला सांगितलं की आम्ही फक्त बांधाचं सांगतो, माणसांचं नाही. ती तीन दिवस येत राहिली. चौथ्या दिवशी मी करंज्याच्या धक्क्यावर जाऊन भरतीला सांगितलं की हिच्या नवऱ्याची वाट बघणारं माणूस इथं आहे. नवरा आठवड्यात परत आला. मी मनातल्या मनात माझी पाठ थोपटली.

महिन्याभराने बाई पुन्हा ऑफिसात. नवरा यायचा तो भरतीबरोबर, आणि ओहोटी लागली की निघून जायचा. सहा तास घरात, सहा तास बाहेर. रोज वेळ पुढे सरकायची. जेवायला वाढावं तर हा उठून चाललेला, पहाटे दार लावावं तर हा दारात. "येक तर बस म्हना, नाय तर जा म्हना," ती म्हणाली, "ह्यो माझा नवरा हाय का लाँच?" सांगितलेलं काढून घेतलं असतं तर तो कायमचा गेला असता. शेवटी तिनेच अक्कल लढवली आणि त्याला लाँचवर नोकरी लावून दिली. लाँच भरतीच्याच वेळा पाळते. तो इमानेइतबारे नोकरी करून निवृत्त झाला. बाकीच्या खलाशांना वेळापत्रक बघावं लागायचं, ह्याला कधीच नाही.

दुसरी गोष्ट शेवटच्या वर्षांतली. आमच्या गावच्या, म्हणजे मोठ्या खारीच्या शेतांवर मुरूम पडला आणि त्यावर सात-सात मजल्यांच्या इमारती उभ्या राहिल्या. मी साहेबांना म्हटलं की आता चौथं वाक्य बदलायला हवं, आत भात राहिला नाही. साहेब म्हणाले, वाक्यं मंजूर आहेत, बदलायची तर वरून आदेश लागेल, तोपर्यंत आहे तेच चालू ठेवा. मी लेखी आक्षेप नोंदवला आणि आहे तेच चालू ठेवलं.

पाणी बिचारं प्रामाणिक. आपल्याला सांगितलं ते खरंच असणार, असं धरून चालणारं. पावसाळ्यात पार्किंगच्या फरश्यांमधून भात उगवला. न्हाणीघराच्या जाळीतून उगवला. लिफ्टच्या खड्ड्यात असा दाट उगवला की लिफ्ट तळमजल्यावर टेकेना. सोसायटीने औषधं मारली, फरशी उकरली, ऑफिसवर मोर्चा आणला. अध्यक्ष माझ्या अंगावर धावून आले होते. मला त्या रोपांकडे बघून लाज वाटायला हवी होती, पण खरं सांगतो, ऊर भरून आला. खाऱ्या जमिनीतला तो आमचा जुना तांबडा भात, वीस वर्षांत कुणी पेरला नव्हता, लोंब्या अशा टचटचीत की बापाने बघायला हवं होतं. तिसऱ्या मजल्यावरच्या एका बाईंनी तो कापला, कांडून घेतला, खीर केली आणि मला डबा पाठवला. मग समिती बसली. 'आत गाड्या आहेत' असं सांगावं का यावर दोन बैठका झाल्या. शेवटी चौथं वाक्य गाळलं गेलं आणि सहा उरली.

आता इब्राहीमकडे येतो.

खाडीला दोन काठ असतात आणि पाणी कुठेतरी जाणारच. म्हणून सांगणी नेहमी जोडीने व्हायची. आमच्या काठावर मी, समोर धाकट्या खारीच्या बांधावर इब्राहीम. दोघांनी एकाच वेळी, तीच सात वाक्यं, तेवढ्याच बळाने सांगायची. म्हणजे पाणी मधोमध राहतं, तिवरांच्या झाडीत फिरतं आणि परत जातं. एकाने कमी सांगितलं तर पाणी त्याच्याकडे झुकतं. एकाने जास्त सांगितलं तर समोरच्याकडे झुकतं. आवाज पलीकडे पोचत नसे, म्हणून प्रत्येक वाक्याला हात वर करायचा. सात वाक्यं, सात वेळा हात. चौदा वर्षं मी त्या माणसाचा हात पाहून बोललो. आमची एरवी फारशी गाठभेट नव्हती, तो त्याच्या काठावर, मी माझ्या. पण त्याची सर्दी, त्याचं दुखणारं ढोपर, पोरीचा वाढदिवस, सगळं मला त्याच्या हात वर करण्यावरून कळायचं. सांगणी संपली की आठवा हात तो उगीच हलवायचा. म्हणजे 'चल, घरी जा'.

तो माझ्यापेक्षा चांगला सांग्या होता. हे मी लिहून ठेवतो. माझ्या आवाजात थोडी घाई असायची. तो सांगायचा तेव्हा पाणी थांबून ऐकायचं, हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे.

पस्तीस वर्षांपूर्वी माझी आई गेली आणि धाकटी बहीण यमुना बाळंतपणाला माझ्याकडे आली. मी खटपट करून, एका पुढाऱ्याची चिठ्ठी आणून, गावच्याच बांधावरची नेमणूक दरवेळी वाढवून घेत आलो होतो. खरं तर मोठी खार माझं गाव म्हणून मला तिथे राहूच द्यायला नको होतं. श्रावणातली अमावास्या होती, शुक्रवार. यमुनाला मुलगा होऊन पाचवा दिवस. बाळंतपण अवघड गेलं होतं, तिला हलवायचं नाही असं डॉक्टरांनी बजावलं होतं. आमचं घर बांधाच्या आतल्या अंगाला, पहिलंच.

त्या दुपारी वारा समुद्राकडून होता आणि पाऊस थांबत नव्हता. पाणी बांधाच्या माथ्यापासून वीतभर खाली आलं. मी उभा राहिलो. समोर इब्राहीम उभा होता. त्याचा बांध माझ्यापेक्षा थोडा बसका, त्यामुळे तो उतरावर, कमरेएवढ्या पाण्यात उभा राहून सांगत होता. आम्ही सुरुवात केली. एकेक वाक्य, एकेक हात. सातव्या वाक्याला त्याचा हात वर गेला, खाली आला. पाणी तिथंच थबकलं. वर चढेना, उतरेना. असं होतं कधी कधी. थांबायचं असतं. अर्धा तास, पाऊण तास, दोघांनी काही न बोलता उभं राहायचं, मग पाणी आपणहून फिरतं. हे मला माहीत होतं. नवशिक्यालाही माहीत असतं.

मागून पोराच्या रडण्याचा आवाज आला.

मी आठवं वाक्य बोललो. "माझी बहीण आत आहे, तिच्या कुशीत पाच दिवसांचं मूल आहे."

आणि त्या वाक्याला मी हात वर केला नाही.

पुढचं फार पटकन झालं. माझ्या पायापासून पाणी मागे सरलं, जणू कुणी चादर ओढून घ्यावी. ते खाडीत थांबलं नाही. समोर गेलं. इब्राहीमच्या डाव्या हाताला बांध आधी वाकला, मग फुटला. तो पडला, उठला आणि खांडीच्या तोंडाशी उभा राहून पुन्हा पहिल्यापासून सांगू लागला. हात वर, हात खाली. माझ्याकडे बघत. त्याला वाटलं असेल की मीही पुन्हा सांगेन आणि तोल सावरेल. मी सांगायला तोंड उघडलं नाही. सांगितलं असतं तर पाणी माझ्याकडे परत आलं असतं.

माणूस कुणी गेलं नाही. पण धाकट्या खारीच्या शेतांत मीठ बसलं, तीन वर्षं तिथे भात झाला नाही, आणि बऱ्याच जणांनी तेवढ्यात जमिनी मिळेल त्या भावाला विकल्या.

चौकशी लागली. त्याआधीच गावोगाव बोललं गेलं होतं. शुक्रवार होता, दुपारची वेळ, इब्राहीम सांगणी अर्धी टाकून नमाजला गेला असणार. कोण पहिल्यांदा बोललं ते माहीत नाही. असं बोलणं कुणी तरी एकदा बोलावं लागतं, मग ते सगळे बोलतात. त्या पावसात बांधावर दुसरं कुणी नव्हतं. त्याला पाहणारा मी एकटा.

साहेब जागेवर आले. पंचनामा माझ्या बांधावरच झाला, उघाडीपाशी. भरती लागत होती. त्यांनी विचारलं, समोरचा सांग्या हजर होता का?

मी म्हणालो, "पाऊस होता साहेब. समोरचं मला दिसलं नाही."

इब्राहीमच्या फायलीत शेरा पडला. त्याला बांधावरून काढून पनवेलच्या गोदामात फावडी आणि घमेली सांभाळायला बसवलं. त्याने अपील केलं नाही. नंतर लवकर निवृत्ती घेऊन तो मेव्हण्याच्या दोरखंडांच्या दुकानात बसायला लागला. धाकट्या खारीतले काही लोक त्याला सलाम करेनासे झाले, त्याच्याच जमातीतलेसुद्धा.

माझं काय झालं, ते मी यंदापर्यंत कुणाला सांगितलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी सकाळी बांधावर गेलो तर समोरचा काठ नव्हता. खाडी होती, तिवरं होती, त्यापुढे सगळं पांढरं. धुकं असेल असं वाटलं. ऊन पडलं तरी ते तसंच. शेजारी उभा असलेला गडी म्हणाला, ती बघा त्या बांधावर गाय चढली. मी मान डोलावली. बांधावर, भरतीच्या ऐकण्यात मी बोललो होतो की समोरचं मला दिसलं नाही. पाण्याने ते खरं केलं होतं. दुसरीकडे कुठूनही नजर चांगली. पनवेलच्या बाजारातून गाढेश्वराचे डोंगर दिसायचे, आपट्याला पाताळगंगेचा पलीकडचा काठ दिसायचा. फक्त माझ्या बांधावरून समोरचा काठ गेला, तो गेलाच.

समोर नवा माणूस आला. त्याचा हात मला दिसणार कसा? मी त्याला म्हटलं, हात जुनी पद्धत झाली, प्रत्येक वाक्याला शिट्टी वाजवत जा. आणि इथे आमच्या खात्याची गंमत बघा. वरच्या साहेबांना ही कल्पना इतकी आवडली की परिपत्रक निघालं, सगळ्या खाड्यांवर शिट्ट्या वाटल्या गेल्या आणि मला प्रशस्तिपत्रक मिळालं. धुक्यात, पावसात शिट्टी खरोखरच उपयोगी पडते. तिने पुढे कितीतरी बांध वाचवले असतील. माझ्या खोट्यातून निघालेली ती शिट्टी आजही वापरात आहे, आणि तिचा अभिमान बाळगावा की नाही हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

एकदाच इब्राहीम माझ्याशी त्याबद्दल बोलला. त्या वर्षीच्या दिवाळीच्या सुमारास मी त्याच्या मेव्हण्याच्या दुकानासमोरून चाललो होतो. सुट्टी म्हणून तो तिथे बसला होता, त्याने हाक मारली. मला वाटलं, आता बोलेल ते ऐकून घ्यायचं. त्याने स्टूल पुढे केलं, चहा मागवला आणि म्हणाला, "बहीन बरी हाय ना? आनि पोर?"

मी म्हटलं, बरी आहेत.

"मंग झालं," तो म्हणाला.

बाळंतीण घरात आहे हे त्याला त्या दुपारी माहीत होतं, आणि पाणी माझ्याकडून त्याच्याकडे का फिरलं हे त्याच्यासारख्या सांग्याला कळायला दुसरं काही लागत नव्हतं. त्याला आठवं वाक्य ऐकू आलं नव्हतं, पण त्याने ते ओळखलं होतं.

मग तो कुणाला बोलत का नव्हता? याचं उत्तर आमच्या कामात आहे. बांधावर बोललेलं खोटं बांधावरच मागे घ्यावं लागतं, आणि ते मागे घेतलं की त्या सांग्याची आधीची सगळी सांगणी त्याच घटकेला उतरते. त्याने तोंड उघडलं असतं तर मला खरं बोलावं लागलं असतं, आणि मी खरं बोललो असतो तर मोठ्या खारीचा बांध त्याच भरतीला गेला असता, यमुनेच्या खोलीसकट. नवीन सांग्या आला तरी जुन्याचं बळ ओसरायला बारा अमावास्या लागतात. नोकरी होती तोवर मी स्वतःला हेच सांगत आलो: मी गप्प आहे तो गावासाठी. ते अर्धं खरंही होतं.

पण मला निवृत्त होऊन सोळा वर्षं झाली. माझं बळ पंधरा वर्षांपूर्वीच ओसरलं. आता त्या बांधावर एक मुलगी सांगते आणि माझ्यापेक्षा उत्तम सांगते. गेल्या पंधरा वर्षांच्या गप्प बसण्याला बांधाचा आधार नव्हता. ती पंधरा वर्षं माझी स्वतःची आहेत. त्यांतल्या सातव्या वर्षी इब्राहीम वारला. मी मातीला गेलो होतो, मागच्या रांगेत उभा राहिलो आणि परत आलो.

या आषाढात त्याची मुलगी नसीमा माझ्याकडे आली. तळोज्याच्या शाळेत शिक्षिका आहे, पन्नाशीला टेकलेली. हातात पाटीवरच्या नावांची यादी. ती रागावलेली नव्हती, त्यामुळे मला जास्त जड गेलं. सातवीत असताना वर्गातल्या मुली तिला 'तुझ्या अब्बानं पाणी आणलं' म्हणायच्या, हे तिने मला पोळी-भाजीचं सांगावं तसं सांगितलं. मग म्हणाली, "काका, तुम्ही समोर होतात. अब्बांना मी शेवटच्या दिवसांत विचारलं की हरीकाकांकडे जाऊ का. ते म्हणाले, नको. तो स्वतःहून सांगेल. नाय सांगितलं तर समजायचं, अजून बांधाला गरज हाय."

मी तिला यादी टेबलावर ठेवायला सांगितलं आणि सगळं सांगितलं. आठवं वाक्य, न उचललेला हात, पंचनामा, पांढरा काठ. ती ऐकत होती. शेवटी तिने एकच प्रश्न विचारला, "ते पूर्ण वेळ उभे होते?"

"पडले, तरी उठून उभे राहिले," मी म्हटलं.

तिने यादी उचलून घडी केली. मग म्हणाली, हे ऑफिसात सांगा, आणि बांधावरही सांगा.

ऑफिसात मी लेखी जबाब दिला. तिथल्या तरुण अधिकाऱ्याने तो दोनदा वाचला आणि अर्ज पडताळणीला पाठवतो म्हणाला. पडताळणी कुणाकडून करणार? साक्षीदार मीच, गुन्हेगारही मीच. पण आमचं खातं कागदाला मानतं, म्हणून हा लेखही मी त्या अर्जाला जोडणार आहे.

यमुनाला त्याआधी सांगितलं. ती आता साठीला आली. ते पाच दिवसांचं पोर तळोज्याला कारखान्यात पाळ्या करतं आणि त्याच्या पोटाचा घेर माझ्यापेक्षा मोठा आहे. ती विळीवर बसली होती, ऐकता ऐकता तिचा हात थांबला. "दादा, इतकी वर्षं हे माझ्या नावावर ठेवलंस होय?" एवढंच म्हणाली. पण नंतर आपण होऊन नसीमाकडे जाऊन आली. दोघींत काय बोलणं झालं ते मला सांगितलं नाही.

श्रावणातल्या अमावास्येला, दुपारी पाणी वर आलेलं असताना, मी बांधावर गेलो. तिथल्या मुलीची रीतसर परवानगी घेतली. ती बाजूला उभी राहिली, शिट्टी गळ्यात. नसीमा समोरच्या काठावर गेली होती. हे तिचंच म्हणणं होतं, की अब्बा होते त्या बाजूला कुणीतरी असावं. फोन चालू ठेवला होता. मला समोर तेच पांढरं दिसत होतं.

सोळा वर्षांनी बांधावर बोलायचं म्हणजे पायाखालची माती आधी चाचपावी लागते. मी चाचपली. काम चांगलं होतं, बिळं बुजवलेली होती. मग शेजाऱ्याशी बोलावं तसं, आवाज न चढवता, सांगितलं.

"त्या दिवशी इब्राहीम समोर उभा होता. कमरेएवढ्या पाण्यात. त्याने सातही वाक्यं सांगितली. आठवं मी बोललो. मला सगळं दिसत होतं."

पाणी माझ्या पायापाशी थोडं वर आलं, गेलं. दुसरं काही झालं नाही. मग तिवरांच्या मागचं पांढरं पातळ झालं, फडक्यातून पाणी गळून जावं तसं. आधी एक उंच क्रेन दिसली. मग इमारती, एवढ्या इमारती की मी हबकलो. सगळ्या गावाने त्या एकेक मजला वाढताना पाहिल्या, मला एकदम दिसल्या. खाली बांध, जुनाच. त्यावर एक माणूस.

फोनमध्ये नसीमा म्हणाली, "काका, दिसते का मी?"

"छत्री पिवळी आहे," मी म्हटलं.

छत्री जराशी हलली.

मी बांधाच्या कडेला आलो. ती जागा मला आता पस्तीस वर्षांपूर्वी दिसली होती तेवढीच स्वच्छ दिसत होती. "बेटा," मी म्हटलं, "तू आहेस तिथे खांड पडली होती. उजवीकडे चार पावलं ये. अजून एक. थांब. तो तिथं उभा होता."

नसीमाने छत्री मिटली, तिथेच उभी राहिली, आणि हात वर केला.

मीही केला.